मुक्काम पोस्ट सिंगापूर

करोनाच्या त्या दोन वर्षांत आमचं देवपूरचं घर रोज सकाळी वेगळ्या देशात असायचं. मी धुळ्यात शिवणक्लास चालवणारी बाई. माहेर जळगाव, सासर शिंदखेडा तालुक्यातलं एक खेडं, आणि मधे धुळ्याचं हे देवपूर, एवढंच माझं जग. नाशिकच्या पलीकडे एकदाच गेले, तेही कोणाच्या तरी लग्नाला. आणि माझी पोरगी भल्या पहाटे लॅपटॉप उघडून मला सांगायची, आई, आज सिंगापूर मिळालं. मिळालं म्हणजे कसं, तर गर्दीच्या एसटीत खिडकीची जागा मिळाल्यासारखं. सिंगापूर नाही मिळालं तर नेदरलँड, तेही नाही तर जपान. मी म्हणायचे, जपान तर जपान, आधी चहा घे.

हे सगळं काय होतं ते सांगते. पोरगी चीनमध्ये डॉक्टरकी शिकत होती. इथल्या सरकारी कॉलेजात तिची जागा थोडक्यात हुकली, आणि खाजगी कॉलेजचं नाव घ्यायची आमची ऐपत नाही. आपल्याकडची पुष्कळ पोरं तिकडे जातात, धुळ्या-जळगावचीही. तिची दोन वर्षं छान गेली, तिसऱ्यात ती हिवाळ्याच्या सुट्टीला घरी आली. एका बॅगेवर आली. पुस्तकं, पांढरा कोट, सगळं तिकडे हॉस्टेलच्या कपाटात. महिनाभरात परत जायचं होतं. तेवढ्यात तो रोग आला आणि चीननं दारं लावून घेतली.

मग त्यांच्या विद्यापीठानं शिकवणी ऑनलाइन सुरू केली. त्यांचंच एक चिनी अ‍ॅप. वर्ग त्यात, हजेरी त्यात, परीक्षा त्यात, साहेबांना दोन ओळी लिहायच्या तरी त्यातच. तिकडे सकाळचे आठ वाजले की आपल्याकडे अजून कोंबडं आरवत असतं. पोरगी अंथरुणातून उठून तशीच बसायची. चला, घरात बसून का होईना, शिक्षण चालू आहे, असं म्हणून आम्ही समाधान मानलं.

आणि मग चीनच्या सरहद्दीवर आपले जवान मारले गेले. वाईट कोणाला नाही वाटलं? गल्लीतल्या पोरांनी चिनी खेळणी पेटवली, मीसुद्धा दिवाळीची चिनी माळ कचऱ्यात टाकली. त्यानंतर एके संध्याकाळी बातमी आली की सरकारनं चिनी अ‍ॅपांवर बंदी घातली. मी टीव्हीसमोर गवारीच्या शेंगा मोडत होते. म्हटलं, बरं झालं, जिरली एकदाची.

पुढे थोड्याच दिवसांत एका सकाळी पोरीनं लॅपटॉप उघडला, तर वर्ग उघडेना. पुन्हा उघडला, पुन्हा तेच. सरकारच्या आदेशावरून हे बंद आहे, एवढी एक ओळ पडद्यावर. मी म्हटलं, अगं, ती तर नाचगाण्याची अ‍ॅपं बंद केली ना, त्यात तुझा वर्ग कसा गेला? नाचणारी पोरं वेगळी, शिकणारी वेगळी, एवढं कळत नाही का त्यांना? मी चिडले की असंच बडबडते. पोरगी मात्र शांत होती.

ती म्हणाली, "आई, माझा वर्ग त्यात आहे हे त्यांना माहीतसुद्धा नाही."

हे ऐकून माझा राग कुठल्या कुठे गेला. कोणी मुद्दाम वाईट केलं तर त्याच्या दारात जाऊन भांडता येतं. इथे कोणाच्या दारात जाऊ?

अशी अडकलेली पोरं देशभर होती. त्यांचा एक ग्रुप होता, त्यावर उपाय आला. व्हीपीएन नावाचं काहीतरी उतरवून घ्यायचं, की बंद असलेलं उघडतं. मी विचारलं, हे काय असतं बाई? ती म्हणाली, धुळ्याहून जळगावचा सरळ रस्ता बंद असला तर माणूस अमळनेरवरून जातो ना, तसं. फक्त पोचल्यावर तिथल्या लोकांना वाटतं, तू अमळनेरचीच. मला पटलं. वाट वाकडी असली तरी जळगाव गाठल्याशी मतलब. आमचं अमळनेर मात्र कधी सिंगापूर असायचं, कधी जपान.

आमच्या ह्यांना मात्र ते पटेना. हे पंचायत समितीत कारकून. सरकारी नोकराच्या घरात सरकारनं बंद केलेली गोष्ट चालते, याचंच त्यांना टेन्शन. हा गुन्हा आहे का, हे त्यांना विचारायचं होतं. पण विचारणार कोणाला? पोलिसाला? चोराच्या मनात चांदणं म्हणतात तसं झालं. वर्ग सुरू झाला की हे उठून रस्त्याकडची खिडकी लावायचे. चिनी मास्तर इंग्रजीतच शिकवायचे, पण त्यांचं इंग्रजी ऐकून ते चिनीच वाटायचं. एकदा शेजारच्या अक्कांनी विचारलंच, की सकाळी सकाळी तुमच्याकडे काय लागतं ओ? मी सांगितलं, कार्टून. एवढी घोडी झाली तरी कार्टून बघते, असं पोरीचं नाव गल्लीत झालं.

ते व्हीपीएन फुकटातलं. फुकटातलं म्हणजे मधेच तुटणार, मधेच जाहिरात दाखवणार. मास्तर लिव्हरवर आले की नेमकं तुटायचं. पोरगी पुन्हा लावायची, तोवर ते किडनीवर गेलेले. प्रॅक्टिकलला पेशंट कुठून आणणार? मग ती ह्यांची नाडी बघायची, माझा बीपी घ्यायची, टाके घालायला माझ्या क्लासमधल्या चिंध्या न्यायची. मी नाक खुपसायचे, की बाई हा टाका तिरका आला, उसव. ती हसायची. त्या दिवसांत ती हसायची, हे मला लक्षात आहे.

असं वर्ष काढलं. दुसऱ्या वर्षी उन्हाळ्यात विद्यापीठाच्या ऑफिसकडून निरोप आला. त्यांच्या अ‍ॅपमध्ये रोज सकाळी एक हजेरी असायची. बटण दाबलं की त्यांना आपोआप दिसायचं ही मुलगी आज कुठे आहे. रोगाचे दिवस, सुट्टीवर गेलेल्यानं आपल्या घरी राहायचं, न विचारता कुठे हिंडायचं नाही, असा त्यांचा नियम. आणि ही आमची बया त्यांच्या दफ्तरात सोमवारी सिंगापूर, मंगळवारी नेदरलँड, बुधवारी जपान. त्यांनी लिहिलं की तुम्ही परवानगी न घेता देशोदेशी फिरत आहात. तुम्ही घरीच होता याचा तुमच्या गावच्या अधिकाऱ्याचा दाखला पाठवा. नाहीतर परीक्षेला बसता येणार नाही, आणि ऑनलाइन झालेलं सगळं वर्ष बाद.

मला आधी हसूच फुटलं. चौकातल्या दुकानातून दूध आणायचं तर मास्क शोधत बसणारी माणसं आम्ही, आणि म्हणे देशोदेशी. मी म्हटलं, लिहून टाक खरं काय ते. आमच्याकडे तुमचं अ‍ॅप बंद आहे, म्हणून व्हीपीएनवरून येते, म्हणून तसं दिसतं. यात लपवायचं काय?

पोरीनं मान हलवली. तिच्या सीनियर मुलांनी बजावलं होतं, वाट्टेल ते लिहा, तो एक शब्द लिहू नका. कारण तिकडे, चीनमध्ये, अ‍ॅप चालतं पण व्हीपीएनला बंदी. त्यांच्या सरकारनंही लोकांपासून काय काय बंद केलेलं, आणि ते कोणी चोरून बघू नये म्हणून ही वाटच बंद. म्हणजे इथे अ‍ॅप उघडलं तर आपलं सरकार, आणि कसं उघडलं ते सांगितलं तर त्यांचं सरकार. आई जेवू घालीना, बाप भीक मागू देईना. ती म्हण मी लहानपणापासून वापरते, अर्थ त्या दिवशी कळला.

राहिला दाखला. पोरगी घरीच आहे हे तर खरं होतं. खऱ्याचा दाखला मिळवायला काय जातं, असं मला वाटलं. ह्यांनी तहसील कचेरीत चौकशी केली. अर्जात कारण लिहावं लागेल म्हणाले. दाखला कशासाठी हवा? चीनच्या विद्यापीठाला दाखवायला. त्यांना कशाला लागतो? कारण तिथे पोरगी सिंगापुरात दिसते. का दिसते? इथपर्यंत आलं की ह्यांना घाम फुटायचा. ते अर्ज न करताच घरी परतले आणि पंख्याखाली बसले.

तेव्हा गावाकडच्या नानांची आठवण झाली. नाना म्हणजे माझे थोरले दीर, गावचे माजी सरपंच. त्यांना फोन केला तर ते म्हणाले, एवढंच ना, श्रावण आलाच आहे, कानबाईला सगळे येणारच आहात, ग्रामपंचायतीतून दाखला करून ठेवतो, घेऊन जा. कारण त्यांनी विचारलंच नाही. पुतणीला कागद लागतो, संपलं. देवमाणूस. मला तर रडू येईल की काय असं झालं.

कानबाई म्हणजे आम्हा खानदेशी लोकांची श्रावणातली देवी. तिच्यासाठी जो तो जिथे असेल तिथून आपल्या गावी येतो. सुरतेला कारखान्यात असलेला, पुण्याला कंपनीत असलेला, सगळी भाऊबंदकी एका घरात. देवीच्या नैवेद्याच्या रोटांसाठी गहू मोजतात, तो आमच्या घराण्यात माणशी सव्वा मूठ, आणि माणशी म्हणजे पुरुषमाणशी. पोरीबाळींची मूठ धरत नाहीत. त्या वर्षी नानांनी सगळ्यांच्या मुठी टाकल्या, थांबले, आणि आणखी सव्वा मूठ घातली. म्हणाले, ही आमच्या डॉक्टरची. म्हातारी माणसं काहीतरी बोलतील असं वाटलं होतं, कोणी बोललं नाही. पोरगी मान खाली घालून गहू निवडत राहिली, पण तिचे कान लाल झालेले मला दिसले.

दुसऱ्या दिवशी देवीला नदीवर पोचवून आलो आणि नानांनी दाखला आणून दिला. गोल शिक्का, सही, सगळं. पोरीनं वाचला आणि परत वाचला. त्यात लिहिलं होतं की सदर मुलगी ही याच गावची कायमची रहिवासी असून तिचं कुटुंब पिढ्यान्‌पिढ्या येथेच राहत आहे, आणि ती गेल्या दीड वर्षापासून गाव सोडून कोठेही गेलेली नाही.

ती हळूच म्हणाली, नाना, यात गाव लिहिलंय, आम्ही तर देवपूरला राहतो, माझ्या पासपोर्टवरही देवपूरच आहे.

नानांना तिचं म्हणणंच कळेना. त्यांनी आमच्याकडे बघितलं, की ही काय बोलते? "धुयाले ती नुसती राहस," ते आम्हाला म्हणाले. "गाव ते हाईच शे ना तिनं."

धुळ्यात ती नुसती राहते, गाव तर तिचं हेच, म्हणून आम्ही सगळ्यांनी माना डोलावल्या. खरंच होतं ते. आमच्याकडे कोणालाही विचारा, तुम्ही कुठले? वीस वर्षं धुळ्यात घर असलेला माणूस धुळं सांगणार नाही, गाव सांगेल. तिथे त्याचं पडकं छप्पर असो नाहीतर तेही नसो. राहणं वेगळं आणि गाव वेगळं. ग्रामसेवकानं गावाचं नाव लिहिलं, नानांनी प्रेमानं लिहून घेतलं, त्यात कोणालाही वावगं दिसलं नाही. दिसलं ते एकट्या पोरीला, आणि ज्यांनी तिच्या नावाची मूठ घातली त्या माणसाला तुमचा कागद चुकला असं ती कशी सांगणार? दुसरा कागद करायचा तर पुन्हा तीच तहसील आणि तेच कारण. मुदत जवळ आली होती. धुळ्याला येऊन आम्ही त्याचं इंग्रजी करून घेतलं, पोरीनं ते पाठवलं. पाठवताना त्या दिवशी नेदरलँड मिळालं होतं.

उत्तर यायला फार दिवस लागले नाहीत. तुमचा पासपोर्ट एक ठिकाण सांगतो, तुमच्या अधिकाऱ्याचा दाखला दुसरं सांगतो, आणि तुमची हजेरी तिसरंच कुठलं तरी. तुमच्या सांगण्यावर विश्वास ठेवता येत नाही. परीक्षेला बसता येणार नाही. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हे. दाखला पाठवला नसता तर निदान नुसता संशय होता, आता खोटा कागद दिल्याचाही डाग लागला.

मी पोरीला म्हटलं, फोन लाव त्यांना, मी बोलते. माझं इंग्रजी म्हणजे आनंदीआनंद, पण मला बोलायचं होतं. चार शब्द मराठीत तर मराठीत, आईचा आवाज तरी कानावर पडेल. फोन लागला. पलीकडच्या बाईनं ऐकून घेतलं आणि गोड आवाजात सांगितलं की तक्रार असेल तर अ‍ॅपमध्ये नोंदवा. नोंदवली. दुसऱ्या दिवशी तिथे तिचं खातंच उघडेना. व्हीपीएननं उघडेना, कशानंच उघडेना. आधी इकडच्यांनी बंद केलं होतं, आता तिकडच्यांनी. पोरीनं सिंगापूर लावून पाहिलं, जपान लावून पाहिलं, जगातले सगळे देश एकेक करून लावले. मी मागे उभी राहून बघत होते. शेवटी मी लॅपटॉप मिटला.

आम्ही गप्प बसलो नाही हो. खासदारांच्या ऑफिसात गेलो, दिल्लीला पत्रं धाडली. सगळे चांगलं बोलले. पुढे चीननं दारं उघडली, तेव्हा विद्यापीठाचं पत्र असलेल्या मुलांनाच व्हिसा मिळाला. तिच्या वर्गातली पोरं गेली. त्यांतली दोघं-तिघं आता डॉक्टर आहेत. इथे दुसरीकडे प्रवेश घ्यावा तर घरी बसून शिकलेलं कोणी धरेना, पहिल्यापासून सुरू करा म्हणाले. पहिल्यापासून सुरू करण्याएवढं आमच्यात काही उरलं नव्हतं. नानांना आम्ही खरं कारण सांगितलं नाही. चीनच्या लोकांनी दगा दिला, एवढंच त्यांना माहीत. ते अजून चीनला शिव्या देतात.

पोरगी आता जळगावला असते, माझ्या भावाकडे. तिथल्या एका क्लासमध्ये डॉक्टर व्हायला निघालेल्या मुलांना जीवशास्त्र शिकवते. छान शिकवते म्हणे. मुलं पास होतात, जातात. मला वाटतं तिनं रडावं, भांडावं, माझ्यावर तरी ओरडावं. ती काही करत नाही. जेवलीस का विचारते आणि फोन ठेवते.

गेल्या मे महिन्यात मी तिला भेटायला गेले होते. परत निघाले तेव्हा ती मला सोडायला स्टँडवर आली. जळगावचं ऊन तुम्हाला माहीत आहे, भर दुपारी स्टँडचा पत्रा नुसता फुफाटा ओकत होता. शेजारच्या फलाटावर यावलच्या गाडीची वाट बघत एक जोडपं बसलं होतं. केळीच्या कामावरचं असावं, बाईच्या लुगड्यावर चिकाचे काळे डाग होते. मी पाण्याची बाटली भरून वळले तोच गलका झाला. ती बाई आडवी झाली होती.

हातातली माझी पिशवी पोरीनं कधी सोडली ते मला कळलं नाही. ती गुडघ्यावर होती. माणसांना मागे सारलं, बाईचे पाय तिच्याच गाठोड्यावर ठेवले, पदर सैल केला, माझी बाटली घेऊन मानेवर आणि काखेत पाणी मारलं. मनगट धरून घड्याळाकडे बघत होती. तिचा चेहरा मी कितीतरी दिवसांनी तसा पाहिला. नवरा बिचारा घाबरून नुसता उभा. म्हणाला, ताई, काय झालं हिला, तुम्ही कोण?

माझ्या तोंडून निघून गेलं, "डॉक्टर आहे माझी मुलगी."

पोरीनं मान वर केली नाही. बोटं मनगटावरच होती. "नाही दादा," ती म्हणाली, "मी डॉक्टर नाही. ऊन लागलंय यांना, लवकर दवाखान्यात न्या."

तो माणूस एकदा माझ्याकडे, एकदा तिच्याकडे बघत राहिला. मग खाली बसला आणि बायकोचा हात त्यानं तिच्या हातातून सोडवून घेतला. रागानं नाही, अगदी मऊपणानं.

"मग राहू द्या ताई," तो म्हणाला. "डॉक्टरलाच दाखवतो."

रिक्षा आली, त्यांनी बाईला उचलून नेलं. पोरगी जमिनीवर तशीच बसून होती, हात मांडीवर पालथे ठेवून. मी तिच्याजवळ बसले. माझी धुळ्याची गाडी लागली, सुटली, आम्ही दोघी तिथेच होतो.